लाकडाचे तुकडे, खुर्च्या आणि डॉक्टरकीची पदवी

‘आनंदी गोपाळ’ बघून रडलेल्यांनी हात वर करा. माझा वर आहे. २०१९ मध्ये तो सिनेमा आला तेव्हा मी शाळेत होते. मग कॉलेजात आल्यावर हॉस्टेलच्या खोलीत पाच जणींनी मिळून लॅपटॉपवर तो परत पाहिला आणि संपल्या संपल्या एकीनं जाहीर करून टाकलं की नवरा असावा तर असा. बाकीच्या चौघींनी नाक पुसत माना हलवल्या. त्या चौघींत मीही होते.

त्यानंतर वर्षभरानं मास कॉमच्या एका असाइनमेंटसाठी आनंदीबाई जोशींची पत्रं वाचायला घेतली. असाइनमेंट साधी होती. भारताची पहिली महिला डॉक्टर, हजार शब्द, सोमवारपर्यंत. पण त्या पत्रांत एक पत्र निघालं आणि माझा सोमवार हुकला. ते पत्र अमेरिकेतून नवऱ्याला लिहिलेलं आहे. त्यात एक हिशेब मांडलाय. कितव्या वर्षी कशानं मारलं, याचा.

आपल्या शाळेच्या पुस्तकात जे आनंदीबाईंचं चरित्र असतं त्यात हा हिशेब नसतो. म्हणून इथे त्यांचं आयुष्य परत एकदा सांगते. तारखा त्याच आहेत, बोट सुटते, पदवी मिळते, शेवटही तोच आहे. फक्त घराचं दार या वेळी थोडं उघडं ठेवू.

कल्याणची यमुना

३१ मार्च १८६५ ला पुण्यात, आजोळी तिचा जन्म झाला. नाव यमुना. वडील गणपतराव जोशी कल्याणचे. एकेकाळी जमीनजुमला असलेलं घराणं, पण आता उतरती कळा लागलेली. वाडा मोठा, माणसं भरपूर, पैसा कमी, अशी अवस्था. वडिलांचा मुलीवर जीव होता. आई गंगाबाईंचं मात्र तसं नव्हतं. आई आपल्याशी मायेनं बोलल्याचं आठवत नाही, असं आनंदीबाईंनी पुढे लिहून ठेवलंय. आणि शिक्षा म्हणजे साधी दोरी किंवा चापट नव्हे. दगड, काठ्या, निखारे.

म्हणजे मार काय असतो हे या मुलीला नवऱ्यानं शिकवलं नाही. ते ती घरून शिकून आली होती. ज्यांच्या हातात आपण असतो, ती माणसं आपल्याला मारू शकतात, आणि आजूबाजूचे त्याला वळण लावणं म्हणतात. नऊ वर्षांत एवढं तिला पुरेसं समजलेलं असणार.

नवव्या वर्षी, १८७४ मध्ये, तिचं लग्न झालं. नवरा गोपाळ विनायक जोशी, मूळचे संगमनेरचे, पोस्टात कारकून. बिजवर, आणि वयानं तिच्यापेक्षा कितीतरी मोठे. त्यांनी लग्नाला एकच अट घातली होती, बायकोला शिकवू दिलं पाहिजे. मुलगी नऊ वर्षांची झाली म्हणजे घरच्यांच्या डोक्यावर ओझं, अशा काळात ही अट फार महाग नव्हती. घरच्यांनी मान्य केली. लग्नानंतर यमुनेची आनंदी झाली.

इथे एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी. गोपाळरावांचा शिक्षणाचा आग्रह खोटा नव्हता, दिखाऊही नव्हता. त्या काळात बायकोला पुस्तक देणारा माणूस समाजाच्या शिव्या खात होता आणि त्यांनी त्या भरपूर खाल्ल्या. त्यांच्याबद्दल लिहिणारे सगळेच त्यांना विक्षिप्त म्हणतात. विक्षिप्त हा शब्द आपल्याकडे फार सोयीचा आहे. त्यात हुशारीही बसते आणि हात उचलणंही बसतं.

स्वयंपाक केला म्हणून

सासरच्या माणसांची अडचण नको म्हणून गोपाळरावांनी अलिबागला बदली करून घेतली. सोबत आनंदीची आजी गेली. अभ्यास सुरू झाला. दहा वर्षांची मुलगी ती, कधी पुस्तकात रमायची, कधी नाही. आजीच्या मागे मागे चुलीपाशी जाणं तिला सोपं वाटत असणार. त्या दिवसांतला एक प्रसंग चरित्रांत येतो. आजीला स्वयंपाकात मदत करताना ती दिसली आणि गोपाळरावांचा तोल गेला. त्यांनी तिला बांबूच्या काठीनं बडवलं. शेजारीपाजारी चक्रावले. स्वयंपाक केला नाही म्हणून बायकोला मारणारे नवरे त्यांना माहीत होते, त्यात कुणाला काही वावगंही वाटत नव्हतं. पण वाचायच्या वेळी स्वयंपाक केला म्हणून मार? हे त्यांनी कधी ऐकलं नव्हतं.

हा किस्सा हल्ली भाषणांत हशा पिकवायला वापरतात. बघा, काय जिद्दीचा माणूस! मी स्वतः एका स्पर्धेत तो असाच ऐकलाय आणि हसलेय. पण शेजाऱ्यांना कशाचं नवल वाटलं ते बघा. त्यांना मारण्याचं नवल वाटलं नाही, कारणाचं वाटलं. आणि दीडशे वर्षांनंतर आपणही तिथेच अडकलोय. कारण चांगलं आहे म्हटल्यावर मार आपल्याला दिसेनासा होतो.

अलिबागनंतर कोल्हापूर. मधल्या काळात आनंदीला मूल झालं. तेव्हा तिचं वय तेरा-चौदा. मुलगा झाला आणि दहा दिवसांत गेला. नीट वैद्यकीय मदत मिळाली नाही, बाईला तपासायला बाई डॉक्टर नव्हती, यातून आनंदीच्या मनात डॉक्टर व्हायचं आलं, इथपर्यंत आपण सगळे वाचून आहोत. त्याच्या अलीकडचा प्रश्न कुणी विचारत नाही. तेराव्या वर्षी ती गरोदर कशी होती?

कायद्याचं उत्तर सरळ आहे. १८६० च्या दंडसंहितेनुसार बायको दहा वर्षांची झाली की नवऱ्याच्या जबरदस्तीला बलात्कार म्हणत नसत. ही मर्यादा बाराव्या वर्षापर्यंत गेली ती १८९१ मध्ये, तीही केव्हा, तर कलकत्त्याकडची फुलमणी नावाची दहा-अकरा वर्षांची मुलगी नवऱ्याच्या जबरदस्तीनं रक्तस्राव होऊन मेल्यानंतर. तिचा नवरा पस्तिशीच्या आसपासचा होता. फुलमणीचं वय दहाच्या वर, म्हणून त्याच्यावर बलात्काराचा गुन्हा लागूच शकला नाही. एका वर्षाच्या सक्तमजुरीवर प्रकरण मिटलं. संमतिवयाच्या कायद्यावरून पुण्यात टिळक एकीकडे आणि आगरकर दुसरीकडे, असं जे रण पेटलं ते आपण इतिहासात पाच मार्कांसाठी पाठ करतो. त्या पाच मार्कांमागे ही मुलगी आहे.

पत्र गेलं, पत्र आलं

पुढचा भाग भराभर सांगते, कारण तो तुम्हाला माहीत आहे. १८७८ मध्ये गोपाळरावांनी कोल्हापूरहून वाइल्डर या अमेरिकन मिशनऱ्याला पत्र लिहिलं. बायकोला अमेरिकेत शिकवायचंय, मला तिथे काही काम मिळेल का, असा मजकूर. वाइल्डरनी ख्रिस्ती व्हायचा सल्ला दिला आणि दोन्ही पत्रं आपल्या मासिकात छापली. १८८० मध्ये न्यू जर्सीतल्या रोझेल गावच्या थिओडोशिया कार्पेंटर दाताच्या डॉक्टरकडे नंबर लागायची वाट बघत बसल्या होत्या. तिथे पडलेला मासिकाचा जुना अंक त्यांनी चाळला, आणि लांबच्या त्या मुलीला पत्र लिहिलं. आनंदी त्यांना मावशी म्हणायला लागली. न पाहिलेली मावशी. आजच्या भाषेत डीएममधून झालेली मैत्री, फक्त एका उत्तराला महिने लागायचे.

दरम्यान बदल्या चालूच. मुंबईत मिशनच्या शाळेत जाताना पुस्तकं हातात घेऊन चालणाऱ्या बाईकडे बघून रस्त्यावरचे लोक दात काढायचे. मग भूज, मग १८८१ मध्ये कलकत्ता, नंतर बराकपूर, श्रीरामपूर. प्रत्येक बदलीबरोबर कल्याण लांब गेलं. आजी, वडील, ओळखीच्या बायका, रडायला मिळेल असा कुठलाही कोपरा लांब गेला. बंगालमध्ये तिला भाषा येत नव्हती, हवा मानवत नव्हती. सतत डोकं दुखायचं, अधूनमधून ताप यायचा, दम लागायचा. कार्पेंटरबाईंनी अमेरिकेहून औषधं पाठवली, त्यांचा उपयोग झाला नाही. या काळात घरात फक्त दोघं. जे काही घडलं ते दोघांतच.

२४ फेब्रुवारी १८८३ ला श्रीरामपूरच्या कॉलेजात तिनं इंग्रजीतून भाषण केलं. अमेरिकेला का जाणार, एकटी का जाणार, परत आल्यावर जातीतून काढलं तर काय करणार, अशा सगळ्या प्रश्नांना तिनं एकेक करून उत्तर दिलं. हिंदू म्हणून जाईन, हिंदू म्हणून परत येईन, असा शब्द दिला. अजून अठराही पूर्ण नव्हती. आपल्याकडे प्रेझेंटेशनच्या आदल्या रात्री काय होतं ते आठवा.

आणि ७ एप्रिल १८८३ ला बोट सुटली. बरोबर मिशनरी बायका होत्या. नवरा नव्हता. पैशांसाठी तिनं आपल्या सोन्याच्या बांगड्या विकल्या. ४ जूनला न्यूयॉर्क. कार्पेंटरमावशी घ्यायला आल्या होत्या.

हिशेब

लग्नानंतर पहिल्यांदाच नवरा-बायकोमध्ये समुद्र आला. आणि गंमत अशी की मारायला हात पोचत नाही म्हटल्यावर पत्रं पोचायला लागली. गोपाळरावांच्या पत्रांत संशय होता, टोमणे होते. तू मला विसरलीस, तिकडची झालीस, असा सूर. तिच्या कपड्यांवरून प्रश्न. खरं तर फिलाडेल्फियाच्या थंडीत नऊवारी नेसून पोटऱ्या उघड्या टाकणं तिला परवडत नव्हतं, म्हणून तिनं गुजराती पद्धतीनं साडी नेसायला सुरुवात केली. साडीच, पण पाय झाकणारी. एवढ्या बदलाचंही तिला नवऱ्याला स्पष्टीकरण द्यावं लागत होतं. तिनं काय खाल्लं, काय नेसलं, कुणाशी बोलली, हे सगळं हजारो मैलांवरून तपासलं जात होतं.

अशाच एका आरोपाला उत्तर देताना तिनं ते पत्र लिहिलं.

पत्र चिडून लिहिलेलं नाही. ते फार शांत आहे आणि म्हणूनच वाचताना हात गार पडतात. तुमचं माझ्याशी वागणं चांगलं होतं की वाईट, हे ठरवणं अवघड आहे, अशी ती सुरुवात करते. मग आठवण करून देते. दहाव्या वर्षी लाकडाचे मोडके तुकडे अंगावर. बाराव्या वर्षी खुर्च्या आणि पुस्तकं फेकून मारणं, आणि सोडून जाईन अशी धमकी. चौदाव्या वर्षी आणखी काही चमत्कारिक शिक्षा. त्या काय होत्या ते ती सांगत नाही. पत्र वाचणाऱ्याला ते माहीत होतं. त्या त्या वयाच्या शरीराला आणि मनाला हे सगळं जास्त होतं, एवढंच ती नोंदवते.

पुढे ती विचारते की तुम्ही वारंवार सुचवत होता तशी मी त्या वयात घर सोडून गेले असते तर काय झालं असतं? सासूच्या आणि नवऱ्याच्या जाचानं घर सोडलेल्या मुली काही कमी नाहीत. ती गेली नाही, कारण वडिलांच्या नावाला बट्टा लागेल ही भीती होती. आणि मग ती सहज सांगितल्यासारखं सांगते की त्या वेळी मी तुम्हाला विनवलं होतं, दया दाखवू नका, मारूनच टाका.

इथे मी पुस्तक मिटलं होतं. पाणी प्यायले, परत उघडलं.

पुढचा भाग कायद्याबद्दल आहे, आणि तो एखाद्या वकिलानं लिहावा तसा आहे. नवरा-बायकोच्या मध्ये येईल असा कायदाच आपल्याकडे नाही, आणि असलाच तर तो बाईच्या विरोधात जातो, असं तिचं निरीक्षण. मग माझ्यापुढे खुर्च्यांचा मार निमूटपणे सोसण्याशिवाय दुसरा मार्ग कुठे होता, असं ती विचारते. हिंदू बाईला नवऱ्याला सल्ला द्यायचा हक्क नाही, तिला हक्क आहे तो नवऱ्याला हवं ते करू देण्याचा आणि गप्प बसण्याचा. हा उपरोध आहे. एकोणीस-वीस वर्षांच्या मुलीनं, १८८० च्या दशकात, नवऱ्याला लिहिलेला. आणि नवऱ्यांनी बायकांकडून सहनशक्ती शिकून घ्यावी, असाही एक टोला त्यात आहे.

पण हेही लिहिलं पाहिजे की ती तिथे थांबत नाही. तुमच्या वागण्याचा परिणाम बघितला तर मी आज जिथे आहे ती तुमच्यामुळेच, असंही ती म्हणते. तराजूचं दुसरं पारडंही ती स्वतःच भरते. ते वाचून मला आधी राग आला, मग वाटलं, तिनं दुसरं काय करावं? फी, नाव, परतीची वाट, सगळं त्याच माणसाशी बांधलेलं. शिवाय प्रेमही असेल. मार खाणाऱ्या माणसाला प्रेम वाटत नाही, ही समजूत मार न खाल्लेल्यांची असते.

आता तिचाच हिशेब एका ओळीत लावा. आधी लाकडाचे तुकडे. मग वस्तू जड होतात, खुर्च्या येतात. मग त्याच्या जोडीला सोडून देण्याची धमकी. मग ज्यांना नावही देता येत नाही अशा शिक्षा. मग माहेरापासून लांब लांब बदल्या. मग बाईच्याच तोंडी मरणाची भाषा. मग अंतर पडलं की संशय, कपड्यांवरून जाब. घरातल्या हिंसेवर काम करणारे लोक आज जी चढती पायरी सांगतात ती हीच. ती पहिल्या थपडेला थांबत नाही, कारण पहिल्या थपडेनंतर काहीच घडलेलं नसतं.

आपल्याकडे सासरच्या छळाला गुन्हा ठरवणारं ४९८अ कलम आलं १९८३ मध्ये, म्हणजे आनंदीची बोट सुटल्यानंतर बरोबर शंभर वर्षांनी. आता ते भारतीय न्याय संहितेत ८५ व्या कलमात आहे. २००५ मध्ये कौटुंबिक हिंसाचारापासून संरक्षण देणारा कायदा आला आणि त्यात शारीरिक मारहाणीबरोबर लैंगिक, शाब्दिक-मानसिक आणि आर्थिक छळही हिंसेत धरला. त्याची व्याख्या आणि आनंदीचं पत्र शेजारी ठेवून वाचा. जवळजवळ प्रत्येक खाना भरतो. आणि हे जुनं झालं असं वाटत असेल तर राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या पाचव्या फेरीत १८ ते ४९ वयाच्या, लग्न झालेल्या बायकांपैकी सुमारे २९ टक्के जणींनी नवऱ्याकडून हिंसा झाल्याचं सांगितलंय. दहा जणींच्या ग्रुपमध्ये तीन.

फिलाडेल्फिया

या सगळ्यातून तिनं अभ्यास केला, हे मला अजून नीट समजत नाही. पेनसिल्व्हेनियाच्या महिला वैद्यकीय महाविद्यालयात तिला शिष्यवृत्ती मिळाली. रेचेल बॉडली या तिथल्या डीन. कॉलेजात तिच्यासारख्या आणखी लांबून आलेल्या मुली होत्या. १८८५ च्या ऑक्टोबरात काढलेला एक फोटो तुम्ही नक्की पाहिला असेल, दर थोड्या दिवसांनी व्हायरल होतो. डावीकडे साडीतली आनंदी, मध्ये जपानची केई ओकामी, उजवीकडे सीरियाची साबात इस्लांबुली. तिघी आपापल्या देशाच्या वेषात. आनंदीच्या चेहऱ्यावर हसू नाही. त्या काळी फोटोत कुणीच हसत नसे, तरीही.

तब्येत ढासळत चालली होती. थंडी, धुरानं भरणारी खोली, परक्या देशात शाकाहारी जेवणाचे हाल. घटसर्प होऊन गेला. मग क्षय. तरी तिनं प्रबंध लिहिला, विषय होता आर्य हिंदूंमधलं प्रसूतिशास्त्र. दहा दिवसांचं मूल गमावलेल्या मुलीनं निवडलेला विषय. ११ मार्च १८८६ ला पदवी मिळाली. पंडिता रमाबाई, ज्या तिच्या नात्यातल्या, इंग्लंडहून त्या समारंभाला आल्या.

गोपाळरावही तोवर अमेरिकेत पोचले होते, पूर्वेकडचे देश फिरत फिरत. तिकडे त्यांनी भाषणं द्यायला सुरुवात केली आणि ज्या देशानं बायकोला पदवी दिली त्याच देशाच्या संस्कृतीवर, मिशनऱ्यांवर तोंडसुख घेतलं. टीका चुकीचीच होती असं नाही, वसाहतीतल्या माणसाला बोलायला बरंच असतं. पण आनंदीची बाजू सांभाळणाऱ्या अमेरिकन स्नेह्यांना तो धक्का होता. डॉक्टरीण झालेली बायको खोकत होती आणि नवरा सभा गाजवत होता.

कोल्हापूरच्या आल्बर्ट एडवर्ड हॉस्पिटलात स्त्रियांच्या विभागाची प्रमुख म्हणून तिची नेमणूक झाली होती. ऑक्टोबर १८८६ मध्ये दोघं परत निघाले. १६ नोव्हेंबरला मुंबई. लोक स्वागताला आले, वर्तमानपत्रांनी कौतुक केलं, जातीबाहेर टाकण्याची जी भीती होती ती फोल ठरली. पण कोल्हापूरच्या दवाखान्यात ती एकही दिवस काम करू शकली नाही. पुण्यात, २६ फेब्रुवारी १८८७ ला ती गेली. बाविसावा वाढदिवस एक महिना आणि काही दिवसांवर होता. मी हे लिहितेय तेव्हा माझं वय बावीस आहे.

तिला क्षयानं मारलं. हे स्पष्टच लिहिते, कारण नवऱ्यानं मारलं असं म्हणणं खोटं होईल. त्या काळात क्षयाला औषध नव्हतं आणि सुखी बायकाही त्यानं मरत होत्या. पण बारा वर्षं खुर्च्या, बाळंतपण, बदल्या आणि धाक सोसलेलं शरीर त्या रोगासमोर किती उरलं होतं, हा प्रश्न तिचा जीव घेणाऱ्या कारणांच्या यादीतून मला खोडता येत नाही.

ती गेल्यानंतर आठवडाभरात, मार्च १८८७ मध्ये, मुंबईच्या कोर्टानं रखमाबाईंना हुकूम दिला. लहानपणी लावून दिलेल्या नवऱ्याकडे नांदायला जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात. रखमाबाई तुरुंग पत्करायला तयार झाल्या. पुढे त्याही लंडनला शिकून डॉक्टर झाल्या, भारतात अनेक वर्षं प्रॅक्टिस केली आणि नव्वदी गाठली. दोघींत वर्षभराचंही अंतर नव्हतं. एक गप्प बसून डॉक्टर झाली आणि एकवीस वर्षं जगली. दुसरी नाही म्हणाली. यातून नियम काढू नका, रखमाबाईंच्या पाठीशी डॉक्टर सावत्र वडील होते आणि आईच्या घराचं दार उघडं होतं. आनंदीला कल्याणच्या दाराची खात्री नव्हती.

नंतर

गोपाळराव पुढेही बातम्यांत राहिले. १८९० मध्ये पुण्याच्या पंचहौद मिशनमध्ये चहापान झालं, त्याला रानडे, टिळक अशी बडी मंडळी होती. मिशनऱ्यांच्या हातचा चहा कोण कोण प्यायलं याची नावं फुटली आणि शहरभर ग्रामण्याचा गोंधळ उडाला. हे घडवून आणण्यामागे गोपाळरावच होते. लोकांचा ढोंगीपणा उघडा पाडण्यात त्यांचा हात कुणी धरू शकत नसे. दुसऱ्यांच्या घरातला.

काशीबाई कानिटकरांनी आनंदीबाईंचं मराठी चरित्र लिहिलं. बाईनं बाईचं लिहिलेलं ते मराठीतलं पहिलं चरित्र मानतात. त्याच्याही आधी, १८८८ मध्ये, कॅरोलिन हिली डॉल यांनी अमेरिकेत इंग्रजी चरित्र काढलं. श्री. ज. जोशींची कादंबरी आली ती खूप नंतर, १९६८ मध्ये, मग नाटक, मालिका, सिनेमा. दर पिढीला आपापली आनंदी मिळाली. शुक्र ग्रहावरच्या एका विवराला तिचं नाव आहे. मीरा कोसंबींनी पत्रांवर आयुष्यभर काम केलं, म्हणून माझ्यासारखीला ती असाइनमेंटच्या आदल्या रात्री मिळाली.

तिच्या अस्थी अमेरिकेला पाठवल्या गेल्या. न्यूयॉर्क राज्यातल्या पकिप्सी गावच्या दफनभूमीत कार्पेंटर कुटुंबाच्या जागेत, कधी न पाहता माया लावलेल्या मावशीच्या माणसांत त्या ठेवल्यात. दगडावर तिचं नाव आहे, आणि शिक्षणासाठी भारत सोडणारी पहिली ब्राह्मण स्त्री अशी ओळख आहे.

त्या हिशेबाच्या पत्राचा फोटो काढून मी आमच्या हॉस्टेलच्या ग्रुपवर टाकला होता. नवरा असावा तर असा, म्हणणारी मैत्रीण आता दुसऱ्या शहरात नोकरी करते, पुढच्या वर्षी तिचं लग्न आहे. बराच वेळ तिचं टायपिंग दिसत राहिलं, मग बंद झालं. रात्री अकराला तिचा फोन आला. सिनेमाबद्दल ती काही बोलली नाही. ते पत्रांचं पुस्तक कुठे मिळेल, एवढं विचारलं, आणि मग आम्ही दोन तास बोललो. त्यातलं बरंचसं इथे लिहिण्यासारखं नाही.